गड्ड्याच्या फोटोत मागचं नंतर धूसर करावं का?

किल्ला_कॅमेरा: संक्रांतीच्या गड्ड्याचे, म्हणजे सोलापूरच्या सिद्धेश्वर यात्रेचे फोटो बहुतेक किट लेन्सवरचे (कॅमेऱ्यासोबत मिळणारी साधी लेन्स, तिच्यात मागचं फारसं धूसर होत नाही) असतात आणि मागचं नंतर फोटोशॉपमध्ये धूसर केलेलं असतं. खुशाल करा, पण अंतराचा हिशोब ठेवून. माणूस कापून मागे जवळ-लांब न बघता सरसकट गॉशियन ब्लर (सगळीकडे सारखा धूसरपणा) मारला की पुठ्ठ्याचा कटआउट दिसणारच.

हिशोब सोपा आहे. खूप लांबचा दिवा धूसर होऊन जी गोल चकती दिसते, ती माणसाच्या पातळीवर मोजली तर लेन्सच्या छिद्राएवढी भरते. ५० मिमी, एफ १.८ ला छिद्र २८ मिमी, म्हणजे चेहऱ्याच्या रुंदीचा साधारण पाचवा हिस्सा. माणूस ३ मीटरवर आणि मागचा स्टॉल ६ मीटरवर असेल, तर त्याच्या दिव्याची चकती निम्मीच. चेहरा ५०० पिक्सेल रुंद असेल तर लांबच्या दिव्यांना १०० पिक्सेल पुरे. त्यापुढे गेलात की खोटेपणा उघडा पडतो.

बाळीवेस५६: एवढी गणितं कशाला ओ? किट लेन्स ५५ मिमीवर झूम करा, दोन पावलं पुढे व्हा, माणसाला मागच्या गर्दीपासून लांब उभं करा. झालं काम.

किल्ला_कॅमेरा: ५५ ला एफ ५.६ म्हणजे छिद्र जेमतेम १० मिमी. फरक पडतो, पण थोडाच. आणि मिरवणुकीत कुणाला "जरा इकडं उभे राहा" म्हणणार?

लेयर_मास्क: मूळ दुखणं बाराबंदीचं, म्हणजे मिरवणुकीतल्या पारंपरिक अंगरख्याचं आहे. पांढरा कपडा, रात्रीचं आभाळ. माणूस खालच्या लेयरमध्ये तसाच ठेवून ब्लर दिला की पांढरा रंग बाहेर झिरपतो आणि खांद्याभोवती धुकट कडा उमटते. म्हणून क्रम असा: लेयरची प्रत, सिलेक्ट सब्जेक्ट, निवड १०-१५ पिक्सेलने वाढवा, खालच्या लेयरवर कंटेंट-अवेअर फिलने माणूस पुसा, मग लेन्स ब्लर. मूळ माणूस वर मास्क लावून. शेवटी धूसर भागावर १-२ टक्के नॉइज, नाहीतर मागचं प्लॅस्टिकसारखं गुळगुळीत दिसतं. जेपेगमध्ये दिवे आधीच जळून सपाट पांढरे झालेले असतात, त्यांच्या चकत्या करड्या पडतात. लेन्स ब्लरमधल्या स्पेक्युलर हायलाइट्सचा (झगझगीत ठिपक्यांचा) थ्रेशोल्ड २५० च्या आसपास ठेवून ब्राइटनेस थोडा वाढवा.

बाळीवेस५६: आणि नंदीध्वजाचं, म्हणजे मिरवणुकीतल्या उंच काठीचं काय? धूसरपणा खालून वर वाढत जाणारा ग्रेडियंट ओढलेला असतो, त्यामुळं काठीचा बुंधा धारदार आणि टोकाला बांधलेलं बाशिंग धूसर. असले फोटो ढिगानं फिरतात.

लेयर_मास्क: ती चूक ग्रेडियंट वापरणाऱ्याची. ग्रेडियंट फक्त जमिनीसाठी. उभी काठी बुंध्यापासून टोकापर्यंत जवळपास एकाच अंतरावर असते, तिला डेप्थ मॅपमध्ये (कोणती गोष्ट किती लांब हे करड्या छटांनी दाखवणारं चित्र) एकच करडी छटा द्यायची, धरणाऱ्याला असते तीच. पायाखालची जमीनही त्याच छटेत हवी, नाहीतर माणूस तरंगतो. फोटोशॉपच्या कॅमेरा रॉमधला आपोआप निघणारा डेप्थ मॅप बारीक काठ्या, गोंडे आणि हात-कमरेमधल्या फटी हमखास चुकवतो. तिथं ब्रशनं हातानंच दुरुस्ती करावी लागते.

बाळीवेस५६: मान्य, पण घरच्या अल्बमपुरतं. बातमीसाठी द्यायचा फोटो असेल तर यातलं काहीच नको. मागे तलाव आणि गर्दी होती ती पुसली, तर फोटो सोलापूरचा आहे हे कळायचं कशावरून?

किल्ला_कॅमेरा: बातमीचं तुमचं बरोबर, तिथं हात लावायचाच नाही. पण अल्बमसाठी २८ ऐवजी १० मिमीच्या हिशोबानं ब्लर द्या. चेहराही उठतो आणि मागचा तलावही ओळखू येतो.