पुढे जायचं की थांबायचं? हिमालयातल्या बाइक सहलींचे अनुभव सांगा

दादर

येत्या जूनमध्ये मी मनाली ते लेह बाइकवर जाणार आहे. दहा दिवसांची सहल आहे. सोबत लीड म्हणजे ग्रुपच्या पुढे असणारा गाइड, मेकॅनिक आणि बॅकअप गाडी असेल. माझं वय ४८. सहा वर्षं रोज दादर ते फोर्ट बाइकनेच जाते. माळशेज, ताम्हिणी, आंबोली भर पावसात केलेत, पण हजार मीटरच्या वर गाडी कधी नेलेली नाही.

फोटो आणि व्हिडिओ पुष्कळ बघून झाले. सगळ्यांत शेवटी खिंडीतली पिवळी पाटी आणि तिच्याशेजारी हसरे चेहरे. परवा आईने विचारलं, "तिथे आजारी पडलीस तर खाली कोण आणणार?" मला उत्तर देता आलं नाही. आई ७६ वर्षांची आहे. तिला "सगळं नीट असतं गं" म्हणून गप्प करायचं नाही.

म्हणून विचारते. तुमच्या सहलीत असा एखादा दिवस आला होता का, की पुढे जायचं की नाही हा प्रश्न उभा राहिला? तेव्हा कोणी ठरवलं? गाइडने, तुम्ही, की दोघांनी भांडून? किती किलोमीटर झाले ते नाही सांगितलंत तरी चालेल, तो दिवस सांगा.

डोंबिवली

ताई, आमचा तो दिवस पहिलाच होता. जून २०२२, आम्ही अकरा बाइक्स. मनालीहून सकाळी निघालो. अटल बोगदा २०२०मध्ये सुरू झाल्यापासून रोहतांग चढावा लागत नाही. नऊ किलोमीटरचा बोगदा संपला की तुम्ही थेट लाहौलमध्ये. दुपारी जेवायला जिस्पाला पोचलोसुद्धा. कार्यक्रमपत्रिकेत त्या रात्रीचा मुक्काम सारचूचा होता आणि तंबूंचे पैसे भरलेले होते. लीडने तिथेच गाडीच्या किल्ल्या मागितल्या. म्हणाला, "आज यहीं रुकेंगे."

मोठं भांडण झालं. त्यात मी पुढे होतो. हवा स्वच्छ, हातात पाच तास उजेड आणि हा माणूस नदीकाठी बसा म्हणतोय! त्याने आवाज न चढवता सांगितलं की मनाली साधारण दोन हजार मीटरवर आहे, जिस्पा बत्तीसशे आणि सारचू जवळजवळ त्रेचाळीसशे. पूर्वी रोहतांगच्या चिखलात दिवस जायचा, त्यामुळे लोक आपोआप केलाँग-जिस्पाला थांबायचे. बोगद्यामुळे वेळ वाचतो, पण विरळ हवेची सवय व्हायला शरीराला लागणारा वेळ तेवढाच लागतो.

दुसऱ्या दिवशी बारालाचा खिंड उतरून आम्ही सारचूला चहाला थांबलो. दुसऱ्या एका ग्रुपचे चौघे आदल्या रात्री तिथे झोपले होते. एकाला दोघांनी धरून गाडीत बसवलं. त्याच्या पायात बूट घालणारा त्याचा भाऊ रडत होता. मी तो प्रसंग अजून विसरलेलो नाही. लीडची माफी मी त्याच दिवशी संध्याकाळी मागितली.

तेव्हा कार्यक्रमपत्रिकेत पहिल्या रात्री सारचू दिसलं तर आत्ताच बोला.

विलेपार्ले

मी डॉक्टर आहे आणि दोनदा मागच्या सीटवर बसून गेले. डॉक्टर म्हणून आणि बायको म्हणून, दोन्ही नात्यांनी लिहिते.

नियम थोडेच आहेत. विमानाने लेहला उतरलात तर दोन दिवस गावातच राहा. तीन हजार मीटरच्या वर गेल्यावर झोपायची जागा रोज साधारण पाचशे मीटरपेक्षा जास्त वर नेऊ नका. दिवसा खिंड ओलांडून पलीकडे खाली झोपायला हरकत नाही. डोकं दुखतंय, मळमळतंय, तर त्या रात्री आणखी वर जायचं नाही. झोपेच्या गोळ्या नकोत, दारू नको. डायमॉक्स, म्हणजे उंचीच्या त्रासावरची गोळी, आपल्या डॉक्टरांना विचारूनच घ्या, आणि सल्फाची अ‍ॅलर्जी असेल तर ती त्यांना आधी सांगा. शांत बसूनही धाप लागणं, खोकला येणं, बोलण्यात गोंधळ होणं, तोल जाणं यातलं काहीही दिसलं तर त्याच क्षणी खाली. ऑक्सिजन द्या, पण त्याच्या भरवशावर वर थांबू नका.

हे सगळं मला पाठ होतं. तरीही माझ्याच नवऱ्याने माझ्यापासून डोकेदुखी लपवली.

लेहहून चांग-ला ही खिंड चढून आम्ही पँगाँग तळ्याकडे निघालो होतो. खिंडीत त्याने चहा घेतला नाही, नंतरच्या थांब्यावर जेवण नुसतं चिवडलं. मला वाटलं, थकलाय. लडाखी लीडच्या ते लक्षात आलं. तांगत्सेला त्याने सगळ्यांना उतरवलं आणि रस्त्याच्या कडेला टाचेला अंगठा लावत सरळ रेषेत दहा पावलं चालायला सांगितलं. जणू खेळच. माझा नवरा सातव्या पावलाला कलंडला.

लीडने मला बाजूला घेऊन जे सांगितलं ते मला डॉक्टर असूनही सुचलं नव्हतं. पँगाँग बेचाळीसशे मीटरवर आहे, पण तिथे रात्री बिघडलं तर लेहला उतरण्यासाठी आधी परत चांग-ला चढावी लागते, म्हणजे त्रेपन्नशेच्या वर! खाली यायचा रस्ता आधी वर जातो. तेव्हा त्याने ग्रुपला तळ्याकडे पाठवलं आणि आम्हा दोघांना बॅकअप गाडीतून तांगत्सेच्या दवाखान्यात नेलं. रात्रभर ऑक्सिजन लावला. सकाळी नवरा बरा होता, पण त्याला बाइक चालवू दिली नाही. तळं आम्ही पाहिलं नाही.

आईंना सांगा, हा प्रश्न गाइडला असाच विचारायचा: प्रत्येक मुक्कामावरून खाली यायचा रस्ता कुठला?

ठाणे (पश्चिम)

माझं गॅरेज आहे, त्यामुळे मी गाडीबद्दलच बोलणार.

मुंबईच्या ट्रॅफिकने आपल्याला हाफ क्लचची, म्हणजे क्लच अर्धवट धरून गाडी चालवायची, सवय लावली आहे. सायनच्या सिग्नलला ती चालते. सारचूच्या पुढे गाटा लूप्स लागतात, एकवीस वळणं. २०१८ साली आमच्यातल्या तिघांनी तिथे क्लच प्लेटा जाळल्या. तिघेही मुंबईचे, तिघांच्या गाड्या नवीन. पाच हजार मीटरवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जेमतेम निम्मा उरतो, म्हणून इंजिनाची ताकद पडते. चालवणारा घाबरून क्लच धरून ठेवतो आणि रेस देतो. वास आला तेव्हा उशीर झालेला असतो. पहिला गिअर टाका, क्लच पूर्ण सोडा, गाडी रडत-खडत का होईना चढते. घाईची गरज नाही.

कार्बोरेटरच्या गाडीला तिथे पेट्रोल जास्त आणि हवा कमी मिळते, मग ती काळा धूर ओकते आणि दम टाकते. चांगला मेकॅनिक जेट (पेट्रोल सोडणारं बारीक छिद्र) बदलतो किंवा स्क्रू फिरवून मिश्रण हलकं करतो. इंजेक्शनच्या गाड्या बरंचसं आपणच जुळवून घेतात, पण ताकद त्यांचीही कमी होतेच.

टांडीच्या पंपावर 'पुढचा पंप ३६५ किलोमीटरवर' अशी पाटी होती. टाकी गच्च भरून शिवाय प्रत्येकी पाच लिटर बॅकअप गाडीतल्या जेरीकॅनमध्ये, असा आमचा हिशोब होता. क्लच केबल, अ‍ॅक्सिलरेटर केबल, दोन्ही लिव्हर, पुढची-मागची ट्यूब, प्लग, चेन लिंक एवढं तुमच्या मॉडेलचं तुमच्यापाशी असू द्या. मेकॅनिक हुशार असेल, पण तुमच्याच गाडीची केबल त्याच्याकडे असेल असं नाही.

जळलेल्या प्लेटा बदलायला त्या दिवशी चार तास गेले. लीडने उरलेल्यांना पुढे सोडलं नाही. वाऱ्यात चार तास सगळे एकत्र बसलो. तेव्हा राग आला होता. पण पुढे नकी-ला आणि लाचुलुंग-ला या खिंडी बाकी होत्या आणि बॅकअप गाडी एकच होती.

भांडुप

माझं स्पिती, जुलै २०२३. वय तेव्हा २५.

काझाहून कुंझुम खिंड उतरून बातलमार्गे ग्राम्फूकडे येताना रस्ता म्हणजे दगड आणि पाणी. वितळलेल्या बर्फाचे नाले रस्त्यावरूनच वाहतात. सकाळी पाणी घोट्याएवढं असतं, दुपारी ऊन चढलं की तोच नाला गुडघ्यापर्यंत येतो. म्हणून लीड आम्हाला पहाटे पाचला उठवायचा. आम्ही कुरकुरायचो.

त्या दिवशी एका दरडीमुळे अडीच तास अडकलो आणि नाल्यावर पोचेपर्यंत दोन वाजले. लीड आधी स्वतः चालत पलीकडे जाऊन आला. कुठून जायचं ते दाखवलं आणि म्हणाला, पहिला गिअर, नजर पलीकडच्या काठावर, मध्ये थांबायचं नाही, पाण्याकडे बघायचं नाही. मी पाण्याकडे बघितलं. गाडी आडवी झाली आणि उजवा हात खाली आला. पाणी इतकं गार की दुखतंय हेही आधी कळलं नाही.

मनगट सुजलं. मला चालवायचंच होतं. एका हाताने चालवीन म्हटलं, लीडच्या पाया पडायचं तेवढं बाकी ठेवलं. त्याने माझी गाडी मेकॅनिकला दिली आणि मला बॅकअपच्या टेम्पोत बसवलं. पुढचे दोन दिवस खिडकीतून माझीच गाडी पुढे जाताना बघितली. या सहलीसाठी मी चौदा महिने पैसे साठवले होते. रडलो, खरं सांगतो.

मुंबईत एक्स-रे काढला, बारीक फ्रॅक्चर होतं. मी चालवली असती तर पुढच्या वळणावर ब्रेक दाबायला बोटांत जोर नव्हता. आता हे समजतं. पण त्या दोन दिवसांचं दुःख अजून आहे, ते लपवत नाही.

ताई, टेम्पोत एकटं वाटतं. ड्रायव्हरशी बोला. आमचा ड्रायव्हर स्पितीतल्या लोसर गावचा होता. त्याने मला वाटाण्याची शेतं दाखवली, कुठल्या शेतातलं पाणी कधी कोणाचं हे समजावलं. बाइकवरून मला त्यातलं काही दिसलं नसतं.

चेंबूर

वरचे गाइड चांगले निघाले. आमचा नाही, तेही सांगायला हवं.

नाव घेत नाही. आम्ही बावीस बाइक्स होतो आणि लीड एक. मागून सगळ्यांना गोळा करत येणारा स्वीप नव्हताच. पुढचा मागच्यासाठी वळणावर थांबेल, आरशात तो दिसेपर्यंत हलणार नाही, हा साधा नियमही कोणी सांगितला नाही. मोरे प्लेन्सच्या सपाट पट्ट्यावर जो तो सुसाट सुटला. माझा मित्र पंक्चर होऊन एकटा मागे राहिला आणि तासाभराने एका लष्करी ट्रकने आम्हाला थांबवून ते सांगितलं. गाडीतला ऑक्सिजन सिलिंडर लेहला पोचल्यावर मी सहज उघडून बघितला. रिकामा होता. आठ दिवस आम्ही त्या रिकाम्या सिलिंडरच्या भरवशावर खिंडी ओलांडत होतो.

शिवाय मनालीहून भाड्याने दिलेल्या बाइक्स लेहमध्ये पोचल्यावर कळलं की त्या नुब्रा-पँगाँगला नेता येत नाहीत. तिथली स्थानिक संघटना लेहबाहेरच्या भाड्याच्या गाड्या सोडत नाही. नियम जुना आहे, आयोजकाला ठाऊक असणारच. लेहमध्ये नवीन बाइक्सचे पैसे आम्ही पुन्हा भरले. स्वतःची गाडी असेल तर ही अडचण नाही, फक्त आरसी स्वतःच्या नावाची असावी.

पैसे भरण्याआधी विचारा: किती बाइक्समागे किती माणसं? स्वीप कोण? सिलिंडर किती आणि त्याचा काटा मला दाखवाल का? जो या प्रश्नांवर चिडेल त्याच्याबरोबर जाऊ नका.

बोरिवली

स्वतःची गाडी नेणार असाल तर वांद्रे टर्मिनसहून रेल्वेने पार्सल होते. टाकी पूर्ण रिकामी लागते, आरसी आणि ओळखपत्राच्या प्रती लागतात. पॅकिंग उभं राहून करून घ्या, आरसे आणि इंडिकेटर काढून सोबत ठेवा. गाडी तुमच्याच ट्रेनने पोचेल असं धरू नका, मध्ये दोन दिवस ठेवा.

मालाड

घरी काळजी करणारं कोणी असेल तर पोस्टपेड सिम घ्या. बाहेरचं प्रीपेड लडाखमध्ये चालत नाही. माझ्या घरच्यांनी तीन दिवस काय सोसलं ते मला परत आल्यावर कळलं.

गिरगाव

मी ६१व्या वर्षी गेलो, मुलाबरोबर. तांगलांग-लाच्या अलीकडे रस्त्याचं काम चालू होतं म्हणून चाळीस मिनिटं थांबवलं. ५,३२८ मीटरची खिंड, वारा असा की हेल्मेट काढवेना. तिथे मजूर डांबराचे ड्रम खालून जाळ घालून तापवत होते. तोंडाला फडकं आणि पायात गमबूट. विचारलं तर म्हणाले, झारखंड, दुमका. सीमा सडक संघटनेच्या कामावर दर उन्हाळ्यात येतात. आम्हाला चाळीस मिनिटं उभं राहणं जड जात होतं आणि ते तिथे महिनोन्‌महिने खडी फोडतात.

मुलाने पिशवीतल्या भाकरवड्या काढून दिल्या. त्यांनी जाळावर हात शेकायला बोलावलं.

पुढे एका चेकपोस्टवर जवानाने गाडीचा एमएच-०१ नंबर बघून "कुठलं गाव?" असं मराठीत विचारलं. साताऱ्याकडचा होता. त्याने माझ्या ओठांचा रंग बघितला आणि म्हणाला, "काका, इथं बसू नका, आधी खाली उतरा, मग च्या प्या." आम्ही उतरलो. त्याच्याशी दोन मिनिटंही बोलता आलं नाही, याची चुटपुट आहे.

दादर

सगळ्यांचे मनापासून आभार. आईला काल रात्री सगळं मोठ्याने वाचून दाखवलं. तांगत्सेच्या भागाशी तिने मला थांबवलं आणि पुन्हा वाचायला लावलं.

आज आयोजकांना फोन केला. पहिल्या रात्री सारचूच होतं. जिस्पा करा म्हटलं, तर आधी "मॅडम, एक दिवस वाढेल" म्हणाले. वाढू दे म्हटलं, त्याचे पैसे मी भरते. ग्रुपमधल्या बाकीच्यांना विचारून कळवतो म्हणालेत. बारा बाइक्सना एक लीड, एक स्वीप. सिलिंडरचा काटा मनालीला माझ्यासमोर तपासतील. खाली यायच्या रस्त्यांबद्दल विचारलं तेव्हा त्यांनी लडाखी लीडलाच फोन दिला आणि तो वीस मिनिटं बोलला. मी कागदावर प्रत्येक मुक्कामापुढे लिहून घेतलं. तो कागद आता आईच्या उशाशी आहे.

ठाण्याच्या दादांना एक विचारायचं होतं. हाफ क्लचची सवय मोडायला कसारा घाट सॅडलबॅगा भरून, पहिल्या-दुसऱ्या गिअरवर चढले तर उपयोग होईल का? या रविवारी पहाटे निघते आहे.

ठाणे (पश्चिम)

होईल. बॅगांत वजन खरंच भरा, उशा नकोत. आणि निघण्याआधी क्लच केबलचं प्ले तपासून घ्या, दोन-तीन मिलिमीटर मोकळं असू द्या.