हायब्रिड टर्बोने फॉर्म्युला वनचं भलं केलं की वाटोळं?

शेवटचा_लॅप:
२०१४ साली फॉर्म्युला वनमधलं २.४ लिटरचं व्ही८ इंजिन गेलं आणि १.६ लिटरचं व्ही६ हायब्रिड टर्बो, म्हणजे विजेच्या मोटरची जोड असलेलं टर्बो इंजिन, आलं. तेव्हापासून शर्यतीचा निकाल ट्रॅकवर कमी आणि इंजिनाच्या कारखान्यात जास्त लागतो, असं माझं ठाम मत आहे. मर्सिडीजने त्या वर्षी १९ पैकी १६ शर्यती मारल्या आणि संघांचं विजेतेपद २०२१ पर्यंत सलग आठ वर्षं सोडलं नाही. एक्झॉस्टच्या, म्हणजे बाहेर पडणाऱ्या धुराच्या, जोरावर फिरणारं टर्बाइन इंजिनाच्या मागे, आत हवा कोंबणारा कॉम्प्रेसर पुढे आणि दोघांना जोडणारा शाफ्ट मधून, ही त्यांची मांडणी बाकीच्यांच्या पचनी पडेपर्यंत सीझन हातचा गेला होता. विल्यम्सचंच बघा. २०१३ मध्ये जेमतेम ५ गुण आणि नववा नंबर, मर्सिडीजचं इंजिन बसलं आणि २०१४ मध्ये थेट तिसरा. मग ड्रायव्हरने करायचं काय?

गिअर_सातवा:
साफ असहमत. तेच इंजिन मॅक्लारेनकडेही होतं, ते पाचवे आले. आणि रेनॉच्या कमजोर इंजिनावर रेड बुल दुसरे! उरलेल्या तिन्ही शर्यती त्यांच्या रिकार्डोने जिंकल्या. त्यातली कॅनडाची आठवा. मर्सिडीजच्या दोन्ही गाड्यांचं एमजीयू-के, म्हणजे ब्रेक लावताना वीज तयार करणारी मोटर, भर शर्यतीत बंद पडलं. १२० किलोवॅट गेले ते गेलेच, पण खरी पंचाईत पुढे होती. ही मोटर मागची चाकं आवरायला मदत करते. ती गेल्यावर सगळा भार मागच्या ब्रेकवर आला आणि ते तापले. मर्सिडीजच्या हॅमिल्टनला शर्यत सोडावी लागली. त्याचा साथीदार रॉसबर्गने ब्रेक जपत जपत गाडी दुसऱ्या क्रमांकावर आणली. हे ड्रायव्हिंग नाही तर काय?

रेव्हलिमिट:
आवाजाबद्दल कुणीच बोलत नाही? व्ही८ मिनिटाला १८,००० फेऱ्यांपर्यंत जायचं, तो आवाज अंगात भिनायचा. नव्याची मर्यादा १५,०००, आणि एक्झॉस्टचा जोर टर्बाइन आधीच खाऊन टाकतं. वर वजन: २०१३ ला किमान ६४२ किलो, पुढच्याच वर्षी ६९१, २०२२ ला ७९८. धागाकर्त्याला माझा पाठिंबा.

गिअर_सातवा:
आवाजाचं मान्य. वजनाचं सगळं खापर मात्र हायब्रिडवर फोडू नका. ड्रायव्हरचं डोकं वाचवणारी हॅलो नावाची चौकट आली, गाड्या रुंद झाल्या, चाकं १८ इंची झाली. आणि २०१७ मध्ये मर्सिडीजच्या इंजिनाने टेस्ट बेंचवर ५० टक्क्यांहून जास्त औष्णिक कार्यक्षमता गाठली, म्हणजे इंधनातली निम्म्याहून जास्त ऊर्जा कामी आली. पेट्रोल इंजिनाच्या बाबतीत ही फार मोठी गोष्ट आहे!

पिटवॉल:
तुम्ही सगळे इंजिनाला धरून बसलात, पाणी मुरतंय नियमांत. २०१४ मध्ये सीझनला सुरुवात होण्याआधीच इंजिनं गोठवली, म्हणजे त्यांत बदल करायला बंदी घातली. पुढे सुधारणेसाठी मोजकी टोकन, म्हणजे ठरावीक बदलांचीच परवानगी, दिली. जो मागे पडला, त्याने मागेच राहायचं! २०१५ ला नव्याने आलेल्या होंडाचे तर नाकी नऊ आले. बेल्जियमच्या स्पा ट्रॅकवर होंडाचं इंजिन लावलेल्या मॅक्लारेनच्या दोन गाड्यांना इंजिनाचे भाग बदलल्याबद्दल मिळून १०५ जागांची ग्रिड पेनल्टी, म्हणजे सुरुवातीच्या रांगेत तितक्या जागा मागे जायची शिक्षा, लागली, तीही २० गाड्यांच्या ग्रिडवर. इतकं किचकट यंत्र आणायचं आणि दुरुस्त करायला हात बांधून ठेवायचे, हा अन्याय आहे.

शेवटचा_लॅप:
टोकन २०१७ ला काढली. त्यानंतरही पाच वर्षं संघांचं विजेतेपद मर्सिडीजकडेच! मूळ दोष किचकटपणाचा आहे. टर्बोच्या शाफ्टवर बसून एक्झॉस्टमधून वीज काढणारं एमजीयू-एच २०२६ च्या नियमांतून शेवटी काढावंच लागलं, तेव्हा कुठे ऑडीसारखे नवे लोक यायला तयार झाले.

पिटवॉल:
एमजीयू-एच काढलं, पण त्याच नियमांत विजेची ताकद १२० वरून ३५० किलोवॅटवर नेली. म्हणजे हायब्रिड नकोसं झालेलं नाही. मागे पडलेल्या इंजिन कंपन्यांना सुधारणेची जादा मुभाही दिली आहे. आणि टोकन गेल्यानंतरचं म्हणाल, तर २०१८ ला फेरारीचं इंजिन मर्सिडीजच्या तोडीस तोड होतं आणि २०२१ ला रेड बुलच्या वेरस्टॅपेनने ड्रायव्हरचं विजेतेपद होंडाच्याच इंजिनावर नेलं. हीच मोकळीक २०१४ ला दिली असती, तर आठ वर्षांची ही मक्तेदारी निम्म्यावरच मोडली असती.