मदत हवी आहे: रीडर दिसतो, पण स्मार्ट कार्डाचा ड्रायव्हर बसत नाही

मंडळी, खानापुरात ठेकेदारांची टेंडरं ऑनलाइन भरून देण्याचं माझं काम आहे. डिजिटल सहीचा यूएसबी टोकन (पेन ड्राइव्हसारखा, स्मार्ट कार्डाची चिप आणि ती वाचणारा रीडर दोन्ही त्यातच) जुन्या विंडोज १० वर बिनतक्रार चालायचा. विंडोज १० चा सपोर्ट ऑक्टोबर २०२५ मध्ये संपला म्हणून विंडोज ११ चा कॉम्प्युटर घेतला आणि तिथंच गाडी अडली.

टोकन लावला की लाइट लागतो. डिव्हाइस मॅनेजरमध्ये 'स्मार्ट कार्ड रीडर्स'खाली मायक्रोसॉफ्टचा यूएसबीसीसीआयडी (यूएसबीवरच्या कार्ड रीडरचा) रीडर व्यवस्थित दिसतो. खाली 'स्मार्ट कार्ड्स'मध्ये मात्र 'अननोन स्मार्ट कार्ड' आणि त्यावर पिवळं उद्गारचिन्ह! माझ्या समजुतीनं रीडरचा ड्रायव्हर विंडोजमध्येच असतो, तो ठीक आहे. कार्डाच्या चिपशी बोलणारा मिनीड्रायव्हर वेगळा लागतो, तोच नाही. 'अपडेट ड्रायव्हर' दाबलं तर सगळ्यात चांगला ड्रायव्हर आधीच आहे असं उत्तर येतं. स्मार्ट कार्ड सर्व्हिस चालू आहे. रिमोट डेस्कटॉपवरून नाही, थेट मशीनवरच बघतोय.

बेळगावातल्या एका दुकानदारानं टोकन फॉरमॅट करायला सांगितलं. ते मी करणार नाही, आतली खासगी की (सही करणारी गुप्त किल्ली) पुसली गेली तर सही नव्यानं काढावी लागेल, आणि माणसांची कामं माझ्यावर विसंबून आहेत.

जुनं टोकन सॉफ्टवेअर काढून नवं टाकताना टोकन बाहेर ठेवायचा का? मिनीड्रायव्हर त्यातच येतो की वेगळा घ्यायचा? निपाणी, बेळगावकडं कुणी हे केलं असेल तर कृपया क्रमानं सांगा. टेंडरची मुदत जवळ आली आहे.