नेफ्रोटिक सिंड्रोम: सर्दीत लघवीत प्रथिन २+ आलंय, स्टिरॉइडचा डोस वाढवायचा का?

शेवंती_०७:
मुलगा ५ वर्षांचा, उंची १०४ सेंमी, सूज उतरल्यावरचं वजन १६ किलो. या आजाराची (मूत्रपिंडातून लघवीत प्रथिन गळून अंगाला सूज येण्याची) पहिलीच वेळ. प्रेडनिसोलोन हे स्टिरॉइड ६ आठवडे रोज झालं, आता दिवसाआड चालू आहे. परवा लघवीतलं प्रथिन तपासायच्या पट्टीवर ट्रेस (अगदी किंचित; पुढे १+ ते ४+ असं वाढतं), काल सर्दी आणि १+, आज २+. सूज नाही, ताप नाही. डोस वाढवायचा का? शिवाय रोजच्या पट्ट्या परवडत नाहीत, स्वस्तातला उपाय आहे का?

चाफेकळी:
आपल्या मनाने वाढवू नका, कमीही करू नका. रिलॅप्स (आजार उलटला) म्हणायला सकाळच्या पहिल्या लघवीत ३+ किंवा ४+ सलग ३ दिवस यावं लागतं. सर्दी-खोकल्यात १+, २+ येऊन बरेचदा आपोआप निवळतं. रोज तपासा, वहीत तारीख, रीडिंग, वजन आणि दिलेला डोस लिहा. तिसऱ्या दिवशीही ३+ असेल तर डॉक्टरांना फोन. मध्येच सूज दिसली तर तीन दिवस मोजत बसू नका.

सूज नाही म्हणून निर्धास्त राहू नका, ती उशिरा येते. आधी प्रथिन गळतं, मग रक्तातलं अल्ब्युमिन (मुख्य प्रथिन) उतरतं, मग डोळ्यांखाली फुगतं. सकाळी फुगलेल्या पापण्या पाहून ‘ॲलर्जी असेल’ म्हणत आठवडा घालवणारे पुष्कळ.

औदुंबर:
पट्टीला पर्याय: सल्फोसॅलिसिलिक ॲसिडचं ३ टक्के द्रावण. लॅबचं सामान विकणाऱ्या दुकानात मिळतं. परीक्षानळीत लघवी आणि द्रावण सारख्या मापाने घाला, हलवा, मागे कॅलेंडरचा बारीक मजकूर धरा. स्वच्छ दिसलं तर निल. किंचित धुरकट, ट्रेस. गढूळ पण अक्षरं वाचता येतात, १+. फक्त जाड ओळी कळतात, २+. मागचं काहीच दिसत नाही आणि बारीक कण दिसतात, ३+. नासलेल्या दुधासारखे गोळे तळाशी, ४+. ॲसिड आहे, मुलांच्या हाती लागेल असं ठेवू नका.

पट्टीच वापरणार असाल तर डबीचं झाकण लगेच घट्ट लावा, दमटपणाने पट्टी बिघडते. रंग डबीवर लिहिलेल्या सेकंदांनाच जुळवा, उशिरा पाहिला तर गडद दिसतो. लघवीचं भांडं जंतुनाशकाने धुतलेलं नको, त्याचा अंश उरला तर खोटं पॉझिटिव्ह येतं. दिवसभर धावपळ झाल्यावरची लघवी तपासू नका, निरोगी मुलातही तेव्हा थोडं प्रथिन दिसू शकतं.

शेवंती_०७:
धन्यवाद. डोस बरोबर आहे का, हेही कसं पाहायचं? रोजचा ४० मिग्रॅ होता, पण २ मिग्रॅ प्रति किलोने ३२ होतात.

चाफेकळी:
दोन्ही हिशेब चालतात. ४० आला तो अंगाच्या क्षेत्रफळावरून: १०४ सेंमी आणि १६ किलोला सुमारे ०.६८ चौरस मीटर, गुणिले ६० मिग्रॅ. लहान मुलांत किलोचा हिशेब थोडा कमी पडतो, म्हणून बरेच डॉक्टर क्षेत्रफळ धरतात. दिवसाआडचा डोस ४० मिग्रॅ प्रति चौरस मीटर, म्हणजे तुमच्याकडे २७ मिग्रॅच्या आसपास, तोही ६ आठवडे. वजन सुजेतलं धरायचं नाही, अंगात पाणी साठलेलं असतं.

खरा घोटाळा सिरपमध्ये होतो. ५ मिलीत ५ मिग्रॅ आणि ५ मिलीत १५ मिग्रॅ अशा दोन्ही बाटल्या मिळतात. दुकानदाराने दुसरी दिली आणि चमचा तोच राहिला, की डोस तिप्पट किंवा तिसरा हिस्सा. बाटली बदलली की लेबल वाचा. गोळी सकाळी, काही खाल्ल्यावर.

औदुंबर:
जेवण: सूज असताना पापड, लोणचं, फरसाण, वेफर्स बंद. पाणी मात्र डॉक्टरांनी सांगितल्याशिवाय तोडू नका. प्रथिन नेहमीइतकंच: वरण, अंडं, दूध. डबल अंडी घातली तर रक्तातलं प्रथिन भरून निघत नाही, गळतीच वाढते.

फोन न करता थेट रुग्णालयात न्यायचे प्रसंग: ताप आणि पोटदुखी एकत्र (पोटातल्या पाण्यात जंतुसंसर्ग असू शकतो), एक पाय अचानक सुजणं, दम लागणं, जोरदार डोकेदुखी किंवा झटका (फिट), किंवा उलट्यांमुळे गोळी टिकतच नसेल. गोळी अचानक बंद पडणं या मुलांना झेपत नाही, शरीराचं स्वतःचं स्टिरॉइड तेव्हा मंदावलेलं असतं.

रानमेवा:
शेजारी कुणाला कांजण्या आल्या आणि मुलाला झालेल्या नसतील, लसही नसेल, तर त्याच दिवशी डॉक्टरांना कळवा, पुरळ उठायची वाट पाहू नका. गोवर, कांजण्यांसारख्या जिवंत लसी जास्त डोस चालू असताना देत नाहीत. न्यूमोकोकलची (न्यूमोनियाच्या जंतूविरुद्धची) लस मात्र विचारून घ्या.