मदत हवी आहे: ट्रसचा मॅक्सवेल डायग्राम मधेच अडकतोय

पेन्सिलपट्टी:
छताच्या ट्रसचा (दांड्या म्हणजे मेंबर जोडून केलेला त्रिकोणी सांगाडा) मॅक्सवेल डायग्राम काढतोय, म्हणजे प्रत्येक मेंबरमधला फोर्स रेघा काढून शोधायचा. डाव्या सपोर्टपासून सुरू केलं, पहिले तीन जॉइंट मस्त निघाले आणि पुढे गाडी हलतच नाहीये, कुठूनही घुसलं तरी तीन-तीन फोर्स माहीत नसलेले उरतात. उजवीकडून आलो तरी तेच. उद्या शीट द्यायचीय. ग्राफिकलीच करायचंय, सॉफ्टवेअर सांगू नका. प्लीज पटकन सांगा.

वजनकाटा:
ट्रस कुठला, स्पॅन किती, लोड कुठे, काहीच लिहिलं नाहीत. बो नोटेशनमधे (लोड आणि मेंबरच्या मधल्या जागांना अक्षरं द्यायची पद्धत) एखाद्या जागेला अक्षर द्यायचं राहिलं की असंच होतं, आधी ते बघा.

पेन्सिलपट्टी:
अक्षरं परत परत तपासलीत. ट्रस नेहमीचाच आहे हो, दोन्ही बाजू सारख्या. लोड वरच्या जॉइंटवर.

शून्यमेंबर:
नेहमीचा म्हणजे? प्रॅट किंवा हाउ प्रकारचा ट्रस असता तर अडकला नसता. दोन्हीकडून तीन जॉइंटनंतर थांबतोय म्हणजे मला आठ पॅनलचा (वरच्या जॉइंटमधले आठ भाग) फिंक प्रकारचा ट्रस वाटतोय.

पेन्सिलपट्टी:
हो फिंकच. स्पॅन १६ मीटर, मधे उंची ४, खालचा टाय (ओढ घेणारा मेंबर) सरळ आडवा, स्ट्रट (दाब घेणारे मेंबर) राफ्टरला म्हणजे वरच्या उतरत्या मेंबरला काटकोनात, मधल्या सात जॉइंटवर ५ किलोन्यूटन आणि टोकांना अडीच-अडीच. पण त्याने काय फरक पडतो?

आकडेमोड:
कशाला एवढा आटापिटा, कुठल्याही फ्रेम प्रोग्राममधे टाका, दोन मिनिटांत सगळे फोर्स टेबलात मिळतील. हाताने रेघा मारायचे दिवस गेले आता.

शून्यमेंबर:
फरक त्यानेच पडतो. फिंकमधे राफ्टरच्या मधल्या जॉइंटला तीन मेंबर अज्ञात राहतात आणि मोठ्या स्ट्रटच्या पायथ्याशीही तीनच. फोर्स पॉलिगॉन (जॉइंटवरच्या फोर्सच्या रेघांची बंद आकृती) बंद करायला जास्तीत जास्त दोन चालतात, म्हणून तुमचं काही चुकलेलं नाही, ट्रसची रचनाच तशी आहे. शिखरातून आणि खालच्या मधल्या टायमधून ट्रस कापा आणि शिखराभोवती मोमेंट (फोर्स गुणिले अंतर) घ्या. रिअ‍ॅक्शन (सपोर्टने दिलेला फोर्स) २० गुणिले ८ म्हणजे १६०, त्यातून डाव्या लोडचे ८० वजा, उरले ८०, भागिले उंची ४. मधला टाय २० किलोन्यूटन, टेन्शन म्हणजे ओढ. हा फोर्स मांडलात की मोठ्या स्ट्रटच्या पायथ्याशी दोनच अज्ञात उरतात, तिथून पुढे चालू.

वजनकाटा:
पण ती मोमेंट म्हणजे आकडेमोडच झाली की, त्यांना ग्राफिकली हवंय. बदली मेंबर टाका. राफ्टरच्या तिसऱ्या जॉइंटचा (सपोर्ट सोडून मोजलेला) स्ट्रट आणि त्याच्या पायथ्यापासून मधल्या जॉइंटला जाणारा टाय, हे दोन तात्पुरते काढा, त्याऐवजी तिसऱ्या जॉइंटपासून मोठ्या स्ट्रटच्या पायथ्याला एकच मेंबर जोडा. मग डायग्राम शिखरापर्यंत जातो आणि मधल्या टायचा जो फोर्स येतो तो खराच असतो. तो धरून मूळचे मेंबर परत बसवायचे. मला तरी ही पद्धत जास्त आवडते, शेवटपर्यंत सगळं कागदावरच राहतं.

शून्यमेंबर:
बदली मेंबर शीटवर गोंधळ घालतो, डोकं दोनदा चालवावं लागतं. एका ओळीचं मोमेंट लिहिलं तर कुठला परीक्षक मार्क कापतो?

उतारवाला:
डिफ्लेक्शनसाठी (जॉइंट किती सरकतात ते काढायला) विलियो डायग्राम वापरा, १८७७ चा आहे, फार सुंदर. आधी प्रत्येक मेंबरचं लांबणं-आखडणं काढून ठेवा.

पेन्सिलपट्टी:
डिफ्लेक्शन नकोय हो.

बिंदूरेषा:
आकडेमोड, टेबलावर एवढा भरवसा बरा नव्हे. १९७३ मधे अँस्कोम या संख्याशास्त्रज्ञाने चार डेटासेट दिले, प्रत्येकात ११ बिंदू, सरासरी जवळपास तीच, कोरिलेशन (दोन राशींच्या नात्याचं माप) चारहींचं ०.८१६. आलेख काढला की एक साधा विखुरलेला, एक वक्र, एकात एकच बिंदू भलतीकडे आणि एकात एक सोडून सगळे एका उभ्या रेषेवर. टेबलात यातलं काही दिसत नाही.

आकडेमोड:
ते स्टॅटिस्टिक्स झालं, इथे ट्रस चाललाय. तुमचा आलेख आधीच असलेले आकडे दाखवतो.

बिंदूरेषा:
मान्य, ट्रसच्या डायग्राममधे रेघ हेच गणित, तिची लांबी मोजली की फोर्स. म्हणून तर तो जास्त मोलाचा. शेवटची रेघ जुळली नाही तर कुठेतरी घोळ आहे हे लगेच दिसतं. इनपुटमधे लोड चुकीच्या जॉइंटला टाकला तर प्रोग्राम मुकाट्याने उत्तर देतो.

वजनकाटा:
चुकीच्या जॉइंटला लोड टाकून काढलेला डायग्रामही बंद होतोच की, रिअ‍ॅक्शन त्याच लोडच्या असल्या तर.

पेन्सिलपट्टी:
२० धरून काढला, बंद झाला!! खूप आभार. मोठा स्ट्रट ९ च्या जरा आत, छोटे साडेचारच्या आसपास, सपोर्टजवळचा टाय ३५. बरोबर ना? आणि वारा फक्त डाव्या उतारावर असला तर मधला टाय कसा काढू?

शून्यमेंबर:
बरोबर, हिशोबाने ८.९४ आणि ४.४७ येतात, कॉम्प्रेशन म्हणजे दाब. वाऱ्याच्या केसमधे उजवा सपोर्ट रोलर (आडवा सरकू देणारा) असेल तर काम सोपं आहे: उजव्या अर्ध्यावर लोड नाही, फक्त उभी रिअ‍ॅक्शन, ८ भागिले ४, म्हणजे टाय तिच्या दुप्पट. वारा छत वर ओढत असेल आणि ती रिअ‍ॅक्शन खालच्या दिशेने आली तर मात्र टाय कॉम्प्रेशनमधे जातो, आणि तुमच्या मापांत तो मधला तुकडा सहा मीटर लांब आहे, बारीक सळई घेतली असेल तर बकलिंग (दाबाने वाकणं) तपासाच.