टायफॉइडसाठी रक्तातल्या अँटीबॉडी मोजणाऱ्या विडाल चाचणीच्या रिपोर्टात ओ, एच, एएच, बीएच असतं. व्हीआय का नसतं? आणि तिसऱ्या दिवशीच्या १:८० चं काय करायचं?

सातपुडा_लॅब (चोपडा)

राम राम मंडळी. तालुक्याच्या ठिकाणची लॅब, कल्चरची (रक्तातला जंतू वाढवून ओळखण्याची) सोय नाही. स्लाईड विडाल आणि आयजीएम अँटीबॉडीचं कार्ड एवढ्यावर काम चालतं. पेशंट तापाच्या तिसऱ्या दिवशी येतो. रिपोर्ट असा (आकडा म्हणजे टायटर: सिरम, म्हणजे गोठलेल्या रक्तावरचं पाणी, किती पट पातळ केलं तरी गुठळी दिसते ते): ओ १:८०, एच १:१६०, एएच आणि बीएच १:२० पेक्षा कमी. संध्याकाळपर्यंत गावभर "टायफॉइड निंघना" आणि सलाईन सुरू. चार प्रश्न आहेत.

१) ही चार अक्षरं जंतूच्या नेमक्या कोणत्या भागाची?
२) पुस्तकात व्हीआय अँटिजेन (अँटिजेन म्हणजे जंतूचा अँटीबॉडीला ओळखू येणारा भाग) ठळक दिलेला असतो. मग किटमध्ये त्याची बाटली का नसते?
३) वरचा रिपोर्ट पॉझिटिव्ह म्हणायचा का?
४) मे महिन्यात त्याच सिरमचे आकडे सकाळी एक आणि दुपारी दुसरे येतात. सिरम खराब होतं की किट?

पांझराकाठ (मायक्रोबायोलॉजी, धुळे)

आधी पहिला प्रश्न, कारण पुढची सगळी उत्तरं त्यात आहेत.

ओ म्हणजे जंतूच्या बाहेरच्या आवरणातल्या लायपोपॉलिसॅकराइडची टोकाची साखरसाखळी. ती उकळलं तरी टिकते, अल्कोहोलनेही जात नाही. एच म्हणजे शेपटीचं प्रथिन, फ्लॅजेलिन. ते उष्णतेने आणि अल्कोहोलने नष्ट होतं, फॉर्मॅलिनमध्ये मात्र टिकतं. किटचे अँटिजेन बनवतात ते याच फरकावर: ओ ची बाटली अल्कोहोल वापरून, एच ची फॉर्मॅलिन वापरून. दोन्हींसाठी स्ट्रेन पूर्वापार टायफी (टायफॉइडचा जंतू) ९०१ च्या, ओ साठी ९०१ ओ आणि एच साठी ९०१ एच.

टायफीचं सूत्र ९,१२,व्हीआय:डी. म्हणजे ओ चे घटक ९ आणि १२, शेपटीचा घटक डी. पॅराटायफी हे टायफॉइडसारखाच ताप आणणारे जंतू; त्यातल्या ए चं सूत्र १,२,१२:ए आणि बी चं १,४,५,१२:बी. यात १२ सगळ्यांत सामाईक आहे, म्हणून पॅराटायफीच्या ओ च्या बाटल्या किटमध्ये देत नाहीत. दिल्या तर कोण कुणाशी गुठळी करतंय तेच कळणार नाही. शेपट्या वेगवेगळ्या आहेत, म्हणून एएच (पॅराटायफी ए ची शेपटी) आणि बीएच (बी ची). यातला बीएच आपल्याकडे क्वचितच कामाला येतो. एएच कडे मात्र लक्ष ठेवा. पॅराटायफी ए चा ताप आपल्या देशात बऱ्यापैकी आहे आणि त्यात तुमच्या बाटलीतला ओ कमीच चढतो, कारण जुळणारा घटक फक्त १२. एएच १:३२० आणि ओ १:४० दिसला तर "ओ कमी आहे" म्हणून सोडून देऊ नका.

आता व्हीआय. १९३४ मध्ये फेलिक्स आणि पिट यांनी हा अँटिजेन दाखवला आणि तो व्हिरुलन्सशी (रोग घडवण्याच्या ताकदीशी) जोडला, त्यावरून नाव व्हीआय. हे साखरेचं पातळ कवच ओ च्या वरून पांघरुणासारखं असतं. विडालमध्ये तो न घेण्याची कारणं साधी आहेत: त्याच्याविरुद्धच्या अँटीबॉडी उशिरा येतात, कमी येतात, आणि कित्येक पेशंटमध्ये तापाच्या काळात मोजण्याइतक्या येतच नाहीत. जिथे जंतू पित्ताशयात ठाण मांडून बसतो त्या वाहकांमध्ये मात्र त्या टिकून राहतात. म्हणून व्हीआय अँटीबॉडी हा वाहक शोधण्याचा धागा आहे, तापाच्या निदानाचा नव्हे. आता तोही गुंतलाय, कारण टायफॉइडची हल्लीची लस व्हीआयचीच असते. लस घेतलेल्याच्या रक्तात व्हीआय अँटीबॉडी असणारच.

उलट बाजू लक्षात ठेवा: व्हीआयच्या लशीने ओ आणि एच चढत नाहीत. "मुलाला लस दिली होती म्हणून विडाल पॉझिटिव्ह आला" हे हल्लीच्या लशीला लागू नाही. जुन्या, अख्ख्या मारलेल्या जंतूंच्या लशीला ते लागू होतं. तिने एच वर्षानुवर्षं वर राहायचा.

गिरणाथडी (लॅब टेक्निशियन, जळगाव)

चौथ्या प्रश्नावर बोलतो. भाऊ, सिरम बहुधा ठीक आहे. दुपारची हवा आणि ड्रॉपर बघा.

स्लाईडवरच्या गोलांत एका अँटिजेनला सिरम लागतं ८०, ४०, २०, १० आणि ५ मायक्रोलिटर. हेच १:२०, १:४०, १:८०, १:१६०, १:३२०. बेरीज १५५, चार अँटिजेनना ६२०. साध्या व्हायलमध्ये २ मिली रक्त घेतलं तर सिरम जेमतेम ८०० ते १००० मायक्रोलिटर सुटतं. मग एखादा गोल पुन्हा लावायचा झाला की "अंदाजे" सुरू होतं. ३ मिली घ्या. ५ मायक्रोलिटर ड्रॉपरने पडत नाही, मायक्रोपिपेटच हवी. अँटिजेनचा थेंब साधारण ५० मायक्रोलिटरचा. बाटली उभी धरा, तिरपी धरली की थेंबाचा आकार बदलतो.

अँटिजेन २ ते ८ अंशांतून काढून खोलीच्या तापमानाला येऊ द्या, हलकेच उलटसुलट करून एकसारखा करा. कांडीने पूर्ण गोलात पसरा, प्रत्येक गोलाला नवी कांडी (एकच कांडी वापरायची असेल तर कमी सिरमच्या गोलाकडून जास्तीकडे या), स्लाईड हलवा आणि बरोबर एका मिनिटाला वाचा. स्टॉपवॉच लावा. भुसावळ-जळगावकडे मे मध्ये पारा ४५ च्या आसपास असतो आणि खोलीत पंखा पूर्ण वेगात. ५ आणि १० मायक्रोलिटरचे गोल दीड-दोन मिनिटांत कडेने सुकायला लागतात आणि सुकणारी कड हुबेहूब बारीक गुठळीसारखी दिसते. तुमचा दुपारचा वाढलेला आकडा बहुतेक तिथला आहे. वाचेपर्यंत पंखा बंद, कूलरचा झोत दुसरीकडे, आणि सगळे गोल एकदम न मांडता दोन-तीनच मांडा.

रोज पहिलं काम: प्रत्येक अँटिजेनचा थेंब नुसत्या सलाईनबरोबर. तिथे गुठळी दिसली तर अँटिजेन आपोआप चिकटतोय, त्या दिवशी ती बाटली वापरायची नाही. शेजारी पॉझिटिव्ह कंट्रोल. हे दोन गोल वाचवून कुणी श्रीमंत होत नाही.

लालसर किंवा दुधाळ सिरम घेऊ नका.

पांझराकाठ

याला जोडून: स्लाईडवर १:८० किंवा जास्त आला तर ट्यूबवर पक्का करा. साधं इनक्युबेटर असलं की जमतं. एका अँटिजेनला आठ नळ्या. पहिलीत १.९ मिली सलाईन, बाकी सातांत १ मिली. पहिलीत ०.१ मिली सिरम घातलं की १:२०. तिथून १ मिली दुसरीत, दुसरीतून तिसरीत, असं सातवीपर्यंत. सातवीतून १ मिली टाकून द्या. आठवी नुसत्या सलाईनची, कंट्रोल. प्रत्येकीत अँटिजेनचा एक थेंब, ३७ अंशांवर १६ ते २० तास.

वाचताना नळी हलवू नका. ओ ची गुठळी खडूच्या भुकटीसारखी, बारीक, घट्ट, तळावर पसरलेली. एच ची कापसासारखी सैल, जरा धक्का लागला की विस्कटते. निगेटिव्ह असेल तर तळाला नीटस बटण आणि कंट्रोलशी तंतोतंत जुळणारं. स्लाईडचा आणि ट्यूबचा आकडा जुळला नाही तर ट्यूबचा धरा, आणि रिपोर्टावर पद्धत लिहाच. नुसतं "विडाल ओ १:१६०" या वाक्याला अर्थ नाही.

ओपीडी_शहादा

तिसऱ्या प्रश्नाला माझं उत्तर: तिसऱ्या दिवशीचा १:८० म्हणजे काहीच सिद्ध झालेलं नाही. ओ अँटीबॉडी पहिल्या आठवड्याच्या अखेरीस दिसायला लागतात, एच दहा-बारा दिवसांनी. तिसऱ्या दिवशी एच १:१६० असेल तर तो बहुधा मागच्या कधीच्या तरी संसर्गाचा उरलेला आहे, किंवा दुसऱ्याच तापाने जुनी आठवण जागी केलीय. मलेरिया, डेंग्यू, यकृताचे आजार, सगळ्यांत असं होतं. धडगाव-अक्कलकुव्याकडून आलेला ताप असेल तर विडालच्या आधी मलेरियाची स्लाईड बघा.

तरी एक सांगतो: दहाव्या दिवशी, जीभ मळकट, पोट फुगलेलं, प्लीहा हाताला लागतेय, ओ १:१६० आणि हाताशी कल्चर नाही, तर उपचार सुरू करतोच. आकडा एकटा वाचायचा नाही एवढंच.

पांझराकाठ

सर, सहमत, पण "१:१६० म्हणजे पॉझिटिव्ह" हा नियम कुठून तरी उचलू नका. भागाभागात निरोगी माणसांचा आकडाही वेगळा असतो. शंभरेक निरोगी रक्तदात्यांचं सिरम त्याच किटने, त्याच पद्धतीने लावा; ज्या टायटरच्या वर पाच टक्क्यांहून कमी लोक जातात तो तुमचा कटऑफ. किटची कंपनी बदलली की पुन्हा. त्याहून भक्कम म्हणजे ७ ते १० दिवसांच्या अंतराने दोन नमुने, एकाच दिवशी शेजारी-शेजारी लावलेले, आणि चौपट वाढ: १:४० चा १:१६०. १:८० चा १:१६० ही वाढ नाही, ती एका नळीची चूकही असू शकते.

सातपुडा_लॅब (चोपडा)

समजलं. कल्चर जळगावला किंवा धुळ्याला पाठवता येतं. बाटली फ्रिजमध्ये ठेवून पाठवावी का? आणि तिकडून "ओ ९ निगेटिव्ह, व्हीआय पॉझिटिव्ह" असा तोंडी निरोप आला तर टायफी समजायचं का?

पांझराकाठ

फ्रिज अजिबात नाही. खोलीच्या तापमानाला ठेवा, उन्हात उभ्या गाडीत ठेवू नका, त्याच दिवशी रवाना करा. रक्त अँटिबायोटिकच्या पहिल्या डोसच्या आधी घ्या. मोठ्यांत ८ ते १० मिली, लहान मुलांत २ ते ४. टायफॉइडमध्ये एका मिली रक्तात जंतू एखादा, कित्येकदा तेवढाही नसतो, म्हणून २ मिली रक्तावरचं निगेटिव्ह कल्चर फारसं काही सांगत नाही. पुरेसं रक्त घेऊनही कल्चर साधारण निम्म्याच पेशंटमध्ये लागतं. आधी सेफ्ट्रिअ‍ॅक्सोनचं इंजेक्शन झालं असेल तर चिठ्ठीवर कधी झालं ते लिहा.

आता तो तोंडी निरोप. तो नेहमीचा आहे. पेशंटमधून नुकत्याच काढलेल्या टायफीवर व्हीआयचं पांघरूण जाड असतं, त्याखाली ओ झाकला जातो आणि ओ ९ चं अँटिसिरम (त्याला पकडणाऱ्या अँटीबॉडीचं द्रावण) त्याला पोचत नाही. कॉलनीचं दाट सस्पेन्शन सलाईनमध्ये करून उकळत्या पाण्यात १५-२० मिनिटं ठेवा, थंड करा, पुन्हा लावा. आता ओ ९ पॉझिटिव्ह आणि व्हीआय निगेटिव्ह यायला हवं. एच:डी न उकळलेल्या कॉलनीवर बघायचं, उकळलेल्यावर शेपटी उरत नाही. नुसत्या व्हीआयवर टायफी लिहू नका: पॅराटायफी सी मध्ये, डब्लिन नावाच्या साल्मोनेलात आणि काही सिट्रोबॅक्टर जंतूंतही व्हीआय असतं. टीएसआय (जंतू ओळखायचं, साखरा आणि लोह असलेलं माध्यम) आधी बघा. टायफीत वरचा उतार लाल, तळ पिवळा, गॅस नाही, काळेपणा अगदी थोडा. युरिएज चाचणी निगेटिव्ह.

ओपीडी_शहादा

आणि बरं झालं का ते बघायला विडाल पुन्हा लावायला सांगू नका, लावूही नका. टायटर महिनोन्‌महिने वर राहतो. योग्य औषध सुरू असलं तरी ताप उतरायला चार ते सात दिवस लागतात. चौथ्या दिवशी आकडा तेवढाच दिसला म्हणून औषध बदललं जातं.

सातपुडा_लॅब (चोपडा)

शेवटचं. लाईट गेली, परत आली, फ्रिजचा थर्मोस्टॅट बिघडला आणि ओ ची बाटली गोठली. वितळल्यावर रंग तसाच आहे. चालेल?

गिरणाथडी (लॅब टेक्निशियन, जळगाव)

नाही भाऊ. गोठला की अँटिजेनच्या बारीक गुठळ्या होतात, रंगावरून कळत नाही. सलाईनबरोबर लावून बघा, दिसतील. नाही दिसल्या तरी टाकून द्या. पुढची बाटली फ्रिजच्या दारात नको, फ्रीझरखालच्या कप्प्यातही नको; मधल्या कप्प्यात, शेजारी थर्मामीटर ठेवून.