इंग्रजी पुस्तकात परदेशी नावांवरची टिंबं-रेघा ठेवायच्या की उडवायच्या?

रामबागकर
नमस्कार मंडळी. प्रश्न जरा किचकट आहे, त्यामुळे लांबण लागेल, सांभाळून घ्या. आमच्या काकांनी (फिजिक्सचे प्रोफेसर होते, आता रिटायर) इंग्रजीत एक पुस्तक लिहिलंय, शास्त्रज्ञांच्या गोष्टी, बीएस्सीच्या पोरांसाठी. छापणार इथेच इंदूरला, घरच्या पैशाने, तीनशे प्रती. टायपिंग माझ्या गळ्यात पडलं कारण घरात वर्ड नीट येणारा मी एकटाच. आता त्यात श्रोडिंगर आहे, त्याच्या ओ वर दोन टिंबं. ऑंगस्ट्रॉम आहे, त्याच्या ए वर छोटी गोल टिकली आणि पुढे ओ वर परत दोन टिंबं. ओर्स्टेड आहे, त्याचं पहिलं अक्षरच तिरकी काट मारलेला ओ. काकांचा आग्रह की सगळं जसंच्या तसं पाहिजे, म्हणे "माणसाच्या नावावरचं टिंब म्हणजे काय माशी बसलीय का, झटकून टाकायला?"

प्रेसवाल्याचं म्हणणं उलट. पहिल्या प्रूफमध्ये श्रोडिंगरच्या ओ च्या जागी दोन अक्षरं उमटली, एक ए, ज्याच्या डोक्यावर नागमोडी रेघ, आणि त्याच्या मागे ती उलट्या पी सारखी परिच्छेदाची खूण. मी ओरडलो तर तो म्हणाला, "भिया, सादा कर देते हैं, कौन देखता है." मग त्याने कुठलं तरी टूल फिरवलं आणि दुसरं प्रूफ आलं त्यात श्रोडिंगर साधा झाला, ठीक, पण ओर्स्टेडचा ओ च गायब! नाव सुरूच होतं आर पासून. आणि मादाम क्यूरीचं माहेरचं आडनाव, स्क्वोडोव्स्का, त्यातला के नंतरचा एल खाल्ला. काकांनी ते पान बघितलं आणि चहा न पिता उठून गेले.

तर विचारायचं असं की इंग्रजी पुस्तकात ही चिन्हं ठेवणं बरोबर का? आणि ठेवायची नसतील तर नुसती काढायची की त्याची काही पद्धत असते?

शेव_जास्त_टाका
फॉलो करतोय. माझ्या थीसिसमध्ये हाच राडा आहे.

बिट_बाइट
आधी प्रेसवाल्याच्या भानगडीचं सांगतो, कारण ती अगदी ओळखीची आहे. टिंबवाला ओ यूटीएफ-८ मध्ये (अक्षरं कॉम्प्युटरात साठवायची आजची पद्धत, म्हणजे एन्कोडिंग) दोन बाइटचा असतो. फाइल जुन्या विंडोजच्या एन्कोडिंगमध्ये उघडली की ते दोन बाइट दोन वेगळी अक्षरं म्हणून दिसतात, नागमोडीवाला ए आणि परिच्छेदखूण. यू वरची टिंबं असती तर त्याच ए च्या मागे पाव चा अपूर्णांक दिसला असता. म्हणजे अक्षर हरवलेलं नाहीये, चुकीच्या चष्म्यातून वाचलंय. फाइल उघडताना यूटीएफ-८ निवडायला सांगा, बस.

दुसरं प्रूफ जास्त वाईट. त्या टूलने बहुतेक असं केलं असणार: प्रत्येक अक्षर फोडायचं, ओ वेगळा, टिंबं वेगळी, मग टिंबं फेकायची आणि जे साध्या इंग्रजी अक्षरात बसत नाही तेही फेकायचं. श्रोडिंगरचा ओ फुटतो, त्यामुळे वाचला. पण डॅनिश काटवाला ओ आणि पोलिश काटवाला एल युनिकोडमध्ये (जगभरच्या अक्षरांचा कॉम्प्युटरसाठीचा तक्ता) फुटतच नाहीत, ते अखंड अक्षर म्हणूनच नोंदलेले आहेत. मग टूलने अख्खं अक्षरच कचऱ्यात टाकलं. तुमच्या काकांचा चहा युनिकोडच्या तक्त्यापायी गेला, प्रेसवाल्याला फार बोलू नका.

अजून एक, त्यांच्याकडे कृती देव वगैरे जुने हिंदी फॉन्ट असतील तर ते नाव चुकूनही त्या फॉन्टमध्ये जाऊ देऊ नका. त्या फॉन्टांनी ही वरची विलायती अक्षरं हाकलून त्या जागी आपली जोडाक्षरं बसवलीयत, मग टिंबवाल्या ओ च्या जागी अर्धा कुठला तरी वर्ण उगवतो.

साधं_सरळ
मी विरुद्ध बाजूने बोलतो. कशाला एवढा सोस? बीएस्सीचा पोरगा ऑंगस्ट्रॉमवरची टिकली बघून उच्चार थोडीच सुधारणार आहे, त्याला त्या टिकलीचा अर्थच माहीत नाही. इंग्रजी भाषेत ही चिन्हं नाहीत, मग इंग्रजीत लिहिताना इंग्रजीसारखं लिहा. आपण मराठीत गालिब लिहितो तेव्हा ग खाली नुक्ता देतो का? नाही देत. मराठीत नुक्ता चालत नाही म्हणून सोडला, कुणाचा अपमान झाला नाही. पोलंडचे ते माजी राष्ट्राध्यक्ष लेक वालेसा, आपल्या पेपरांनी वर्षानुवर्षं वालेसा छापलं, खरा उच्चार वावेन्साच्या जवळ जातो, तरी सगळ्यांना कळलंच ना कोण ते.

रामबागकर
@साधं_सरळ नुक्त्याचा मुद्दा पटला, खरंच पटला. पण मग स्वतःवर येतं तेव्हा का बोचतं? आमचं आडनाव काळे. इथल्या हिंदी पेपरात ल चं छापतात, काले. टिळकांचं तिलक करतात. शाळेत मास्तर हजेरी घेताना "काले" म्हणायचे आणि मागच्या बाकावरून "गोरे कहाँ है" यायचं, दर सोमवारी, पाच वर्षं. बरं, तेच इंग्रजीत लिहिलं तर परदेशी माणूस त्याला केल वाचतो, तिकडे ती कोबीच्या घरातली पालेभाजी आहे. एका ळ पायी एवढं सगळं.

मांडवीची_माई
मी वडोदऱ्याची, हस्तलिखितांच्या याद्या करण्यात बरीच वर्षं गेली, त्यामुळे टिंबांशी माझं जुनं भांडण आणि जुनं प्रेम. रामबागकर, तुमच्या ळ ला रोमनमध्ये सोय आहे बरं, एल खाली टिंब. फक्त संस्कृतवाले तेच टिंब ऌ साठी वापरायचे, मग २००१ च्या आयएसओ १५९१९ मध्ये (भारतीय लिप्या रोमनमध्ये लिहायचं आंतरराष्ट्रीय मानक) ऌ ला एल खाली छोटं वर्तुळ दिलं आणि टिंब ळ ला मोकळं केलं.

पण मला सांगायचंय ते वेगळं. चिन्हं ठेवा किंवा नका ठेवू, नुसती खरडून काढू नका. आमच्या पद्धतीत कृष्ण लिहिताना आर, एस, एन तिघांखाली टिंबं असतात आणि मध्ये एच नसतोच. टिंबं खरडली की उरतं के आर एस एन ए, बोबड्या माणसाने शिंकल्यासारखं. टिंब नको असेल तर मग आय आणि एच घालून सरळ रूढ इंग्रजी स्पेलिंग लिहावं. चिन्ह काढलं की त्याच्या बदली अक्षर द्यावं लागतं, हा व्यवहार आहे. युरोपातले लोकही तेच करतात. जर्मन माणूस टिंबवाल्या यू ऐवजी यू-ई लिहितो, नुसता यू कधी नाही. टेनिसवाल्या जोकोविचचं पहिलं अक्षर त्याच्या भाषेत मधून रेघ मारलेला डी आहे, इंग्रजीत तो डी-जे लिहितो. रेघ नुसती पुसली असती तर डोकोविच झाला असता बिचारा.

आणि ओर्स्टेडचं उत्तर तर फिजिक्समध्येच आहे, चुंबकीय क्षेत्राचं ते जुनं युनिट इंग्रजीत ओ-ई ने सुरू होतं. प्रेसचं अगदीच जमेना तर ते वापरा, चुकीचं नाही.

फ्रँकफुर्टहून_परत
माईंच्या यू-ई ला दुजोरा. जर्मनीत असताना माझ्या घरमालकाचं आडनाव म्युलर, दारावरच्या पाटीवर दोन टिंबं, आणि पासपोर्टात खाली त्या मशीनने वाचायच्या दोन ओळी असतात ना, त्यात यू-ई. तिथे ए ते झेड, आकडे आणि बाणासारखी एक खूण, एवढंच चालतं, म्हणून ओ ची टिंबं ओ-ई होतात आणि तो बीसारखा दिसणारा जर्मन एस दोन एस होतो. एकाच माणसाची दोन स्पेलिंगं, दोन्ही खरी.

बाकी स्पॅनिशमध्ये एन वरची नागमोडी रेघ गाळून कुणाला नवीन वर्षाच्या शुभेच्छा देऊ नका. वर्षाचं जे होतं ते शरीरशास्त्राच्या पुस्तकात शोभतं.

बिट_बाइट
😂😂 रामबागकर, वर्डमध्ये टाइप करायची युक्ती: कंट्रोल शिफ्ट कोलन दाबून सोडा, मग ओ, की टिंबं आली. कंट्रोल आणि तिरकी रेघ, मग ओ, की ओर्स्टेड आला. पोलिश एलसाठी ०१४२ (इंग्रजी आकड्यांत) टाइप करून लगेच ऑल्ट एक्स.

आणि प्रत्येक नाव तपासून मगच चिन्ह द्या, आठवणीवर नको. चुकीचं टिंब असण्यापेक्षा टिंब नसलेलं परवडलं. गणितवाला एर्डिश आहे का पुस्तकात? त्याच्या ओ वर टिंबं नसतात, दोन तिरक्या रेघा असतात, हंगेरियनमध्ये टिंबवाला ओ ऱ्हस्व आणि रेघावाला दीर्घ. नव्वद टक्के लोक टिंबंच देतात (आकडा माझ्या मनचा). त्याचा कोड ०१५१.

रामबागकर
सगळ्यांचे आभार, काल रात्री काकांकडे बसून ठरवलं. माणसाचं नाव असेल तिथे चिन्हांसकट. युनिट असेल तिथे साधं, कारण ऑंगस्ट्रॉम हे युनिट अक्षरांत लिहिलं की इंग्रजीत बहुतेक टिकली नसते. शेवटच्या सूचीत टिकलीवाला ए साध्या ए मध्येच लावणार, स्वीडिश लोक तो झेडच्याही नंतर लावतात पण आमच्या पोरांनी तिथे कशाला शोधावा. प्रेसवाल्याला आता फाइल द्यायचीच नाही, पीडीएफ द्यायची, फॉन्ट आतच बांधून.

एर्डिशचं काकांना दाखवलं. त्यांनी स्वतःच्या हस्तलिखितात दोन टिंबं दिली होती, तीन ठिकाणी, लाल शाईने. चष्मा काढला, पुसला, परत घातला, आणि म्हणाले, "बरं झालं, प्रेसला नाही गेलं."

मग मी म्हटलं काका, कव्हरवर तुमच्या नावातल्या एल खाली टिंब देऊ का, ळ साठी, आयएसओप्रमाणे. तर म्हणाले, "छे छे, पेन्शनच्या कागदावर आहे तसंच राहू दे, बँकवाले विचारतील हा कोण."